खुणेची साक्ष : जामनेर-खानदेशाच्या निमित्ताने वाणीवेगळ्या संज्ञापनाचा विचार

१

भाषेचा इतिहास लिहिताना आपण बहुधा बोललेल्या आणि लिहिलेल्या शब्दांचाच इतिहास लिहितो. हाताची खूण, कागदावर काढलेली निशाणी, बोटांनी सांगितलेला आकडा, मानेने दिलेला होकार यांना या इतिहासात स्थान मिळत नाही. मिळालेच तर ते लोकव्यवहारातील एक गंमत म्हणून मिळते. वस्तुतः माणसाने एकाच साधनावर विसंबून व्यवहार केल्याचे कोणत्याही काळी आढळत नाही. ज्याला वाणी नाही किंवा ज्याच्या वाणीचा उपयोग होत नाही, अशा व्यक्तीसाठी चित्रे, खुणा, अक्षरफलक अथवा यंत्रे योजण्याच्या पद्धतीस आज ‘पूरक व पर्यायी संज्ञापन’ असे म्हणतात. हे नाव विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील असले, तरी त्यामागील व्यवहार पुष्कळ जुना आहे.

या व्यवहाराची प्रतिष्ठा निरनिराळ्या संस्थांनी कशी ठरविली, हे पाहणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. त्यासाठी दस्तऐवज, बाजार, न्यायालय व शाळा अशी चार ठिकाणे निवडली आहेत. या चारही ठिकाणी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून हाताच्या खुणेविषयी निर्णय घेतले गेले आणि ते परस्परविरोधी होते. एका ठिकाणी खूण ही वाणीच मानली गेली, दुसऱ्या ठिकाणी ती फसवणुकीचे साधन ठरली, तर तिसऱ्या ठिकाणी शिक्षणातील अडथळा. हा विरोध का उत्पन्न झाला, हा आपल्यापुढील प्रश्न आहे.

२

विवेचनासाठी जामनेरचा परिसर घेण्यास कारण आहे. कांग नदीकाठचे हे तालुक्याचे गाव आज जळगाव जिल्ह्यात मोडते. १९०६ मध्ये खानदेशाची विभागणी झाली तेव्हा ते पूर्व खानदेशात गेले. दक्षिणेस अजिंठ्याची डोंगररांग, उत्तरेस तापीखोऱ्याची काळी कपाशीची जमीन, अशा दोन प्रदेशांच्या मध्ये हा तालुका वसला आहे. लेवा पाटीदार, गुजर, मराठा, बंजारा, तडवी, भिल्ल इत्यादी समाज येथे शेजारी शेजारी नांदतात. आठवड्याच्या बाजारात लेवा गणबोली, अहिराणी, गोरमाटी, भिल्ली, उर्दू आणि व्यापाऱ्यांची मारवाडी किंवा गुजराती या सर्व एकाच वेळी कानावर याव्यात, अशी येथील भाषिक स्थिती आहे. ग्रिअर्सनच्या भाषिक सर्वेक्षणाच्या नवव्या खंडाचा तिसरा भाग १९०७ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात भिल्ली बोली, खानदेशी व बंजारी यांची एकत्र मांडणी केलेली आहे. खानदेशीच्या त्या वर्गीकरणावर पुढे पुष्कळ वाद झाला. तथापि या बोलींचे भौगोलिक सान्निध्य त्या मांडणीवरून सहज ध्यानात येते. जेथे दोन माणसांची बोली एक नसते, तेथे हात, बोटे आणि वस्तू यांच्या साह्यानेच पुष्कळसा व्यवहार उरकावा लागतो.

तालुक्याच्या सीमेपलीकडे, डोंगराच्या कुशीत, अजिंठ्याची लेणी आहेत. तेथील सव्विसाव्या लेण्यात मारविजयाचा मोठा शिल्पपट आहे. त्यात बुद्धाचा उजवा हात भूमीला स्पर्श करतो. आपल्या अधिकाराला साक्षी कोण, या माराच्या प्रश्नाचे हे उत्तर होय, आणि ते शब्दांवाचून दिलेले आहे. साक्ष खुणेने देता येते आणि ती पाहणाऱ्याला कळते, ही समजूत या प्रदेशातील कलेला सुमारे दीड हजार वर्षांपूर्वी अपरिचित नव्हती, एवढेच येथे नोंदवावयाचे आहे.

शास्त्रग्रंथांतही याचा विचार आढळतो. वात्स्यायनाने सांगितलेल्या चौसष्ट कलांत ‘अक्षरमुष्टिकाकथन’ ही एक कला आहे. यशोधराच्या ‘जयमंगला’ टीकेत हस्तमुद्रांनी अक्षरे दर्शवून गुप्त अर्थ कळविण्याची रीत विवरिलेली आहे. मराठीतील ‘करपल्लवी’ व ‘नेत्रपल्लवी’ हे शब्द याच वर्गातील आहेत. परंपरेने सांगितल्या जाणाऱ्या करपल्लवीच्या एका पद्धतीत वर्णमालेचे आठ वर्ग केलेले असतात. हाताच्या आकृतीवरून वर्ग कळतो, बोटांच्या संख्येवरून त्या वर्गातील अक्षर कळते आणि चुटक्यांच्या संख्येवरून मात्रा कळते. युरोपातील करवर्णमालेत प्रत्येक अक्षराला स्वतंत्र आकृती असते. येथे मात्र देवनागरी वर्णमालेच्या शास्त्रशुद्ध मांडणीचाच उपयोग करून घेतलेला आहे. ही योजना बुद्धिमत्तेची द्योतक आहे यात संशय नाही. परंतु तिचा उद्देश गुप्ततेचा होता. ज्याला बोलता येत नाही त्याच्यासाठी ती रचलेली नव्हती. बोलता येत असूनही इतरांनी ऐकू नये असे ज्यांना वाटत होते, त्यांच्यासाठी ती होती. पुढील सर्व विवेचनात हा भेद महत्त्वाचा आहे.

३

प्रथम दस्तऐवजांचा विचार करू. मराठी अमदानीतील महजर व वतनपत्रे पाहिली, तर ज्यांना लिहिता येत नव्हते त्यांच्या नावापुढे निशाणी आढळते. पाटलाचा व कुणब्याचा नांगर, न्हाव्याचा आरसा, परटाची मोगरी, चांभाराची आरी, स्त्रियांची बांगडी अशी ही चित्रे असत. पुढे इंग्रजी अमदानीत यांची जागा अंगठ्याच्या ठशाने घेतली, तरी दस्तऐवजांच्या भाषेत ‘निशाणी’ हा शब्द दीर्घकाळ टिकून राहिला.

या निशाण्यांचे दोन गुण लक्षात घेण्याजोगे आहेत. एक तर त्या सर्वांना वाचता येत. नांगर कोणाचा आणि आरसा कोणाचा हे सांगण्यास अक्षरज्ञानाची गरज नव्हती. दुसरे असे, की महजर हा गोतसभेसमोर होई. निशाणी करणारा माणूस तेथे सर्वांच्या समक्ष हजर असे. निशाणीला बळ मिळे ते या समक्षतेमुळे.

सावकारी खतात ही समक्षता उरली नाही. वरचा मजकूर लिहिणाऱ्याचा, खालची निशाणी कुळाची, आणि मधल्या ओळींत काय आहे हे कुळाला कळण्याचा मार्ग नाही, अशी स्थिती निर्माण झाली. १८७५ मध्ये पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत जे दंगे झाले, त्यांत सावकारांच्या घरातील खते व रोखे हुडकून जाळण्यात आले, हे प्रसिद्ध आहे. १८७९ च्या दख्खन शेतकरी साह्य कायद्याने कुळाचे खत ग्रामनिबंधकासमोर लिहिले जावे अशी व्यवस्था केली. तिचा आशय असा, की निशाणी पुन्हा कोणाच्या तरी समक्ष व्हावी. चिन्ह तेच राहिले होते. त्याच्या भोवतीची समक्षता गेली आणि ते निशाणी करणाऱ्याच्याच विरुद्ध वापरले जाऊ लागले.

४

बाजारातील खुणांचा इतिहास याहून अधिक उद्बोधक आहे. १८६१ ते १८६५ या अमेरिकन यादवीच्या काळात हिंदुस्थानच्या कापसाला मोठी मागणी आली. त्याच दशकात खानदेशातून लोहमार्ग गेला आणि या प्रदेशाची शेती कापसाच्या आंतरराष्ट्रीय बाजाराशी जोडली गेली. पुढे पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस पाचोरा ते जामनेर हा सुमारे ५६ किलोमीटरचा अरुंद मापाचा फाटा सुरू झाला. शेंदुर्णी, पहूर येथील माल या फाट्याने पाचोऱ्याच्या मुख्य मार्गावर येऊ लागला. कापूस गाडीतून बाजारात येई, अडत्याच्या स्वाधीन होई, आणि अडत्या व खरेदीदार यांच्यात भाव ठरे.

तो कसा ठरे? उपरण्याखाली किंवा रुमालाखाली दोघांचे हात एकत्र येत. एकाने दुसऱ्याची जितकी बोटे धरावीत तितका आकडा, पाचही धरली म्हणजे पाच. तो आकडा रुपयांचा की आण्यांचा, दहांचा की शेकड्यांचा, हे चालू भावावरून उभयतांना ठाऊक असे. सहापासूनच्या आकड्यांच्या खुणा बाजाराबाजाराप्रमाणे भिन्न असत. महाराष्ट्रातील बाजारपेठांत या रीतीस ‘हत्ता’ म्हणतात. गुरांच्या बाजारातही दलालांची हीच रीत आहे. बोलीभेद आड न येता, गलबल्यातही आवाज न चढविता, क्षणार्धात सौदा पुरा व्हावा, ही या साधनाची सोय होती. संज्ञापनाचे साधन म्हणून पाहिल्यास त्यात उणे काढण्याजोगे काही नाही.

उणीव होती ती दुसरीकडे. ज्याचा माल विकला जात होता तो शेतकरी बाजूलाच उभा असे आणि त्याच्या कष्टाचा भाव त्याच्या डोळ्यांसमोर, परंतु कापडाआड, ठरत असे. अडत्याने त्याला सांगितलेला भाव आणि बोटांनी ठरलेला भाव एकच होता की काय, हे पडताळून पाहण्याचा त्याला उपाय नव्हता. लिन्लिथगो यांच्या अध्यक्षतेखालील शेतीविषयक रॉयल कमिशनचा अहवाल १९२८ मध्ये प्रसिद्ध झाला. बाजारातील शेतकऱ्याच्या अडचणींची नोंद करताना त्यात वजनमापांतील लबाडी आणि धर्मादायादी कपाती यांच्या जोडीस या गुप्त सौद्यांचाही उल्लेख आहे.

वऱ्हाडात कारंजा येथे १८८६ मध्येच नियंत्रित कापूसबाजार सुरू झाला होता आणि १८९७ मध्ये तेथे त्यासाठी स्वतंत्र कायदा झाला. मुंबई प्रांताने १९२७ मध्ये कापूसबाजार कायदा केला. १९३० च्या सुमारास धुळ्यास त्याखाली बाजार उभा राहिला. १९३९ चा प्रांतिक कायदा आणि १९६३ चा महाराष्ट्र कृषि उत्पन्न खरेदी-विक्री कायदा हे त्यापुढील टप्पे होत. या सर्व प्रयत्नांतून उघड लिलावाचे तत्त्व रूढ झाले. तरीही काही बाजारांत हत्त्याची रीत कायद्यानंतर दीर्घकाळ चालू राहिली. या सुधारणेचा रोख बोटांवर नव्हता, कापडावर होता. लिलावात आजही हात वर करूनच बोली दिली जाते. फरक इतकाच, की तो हात सर्वांना दिसतो.

५

आता न्यायालयाकडे वळू. जुन्या इंग्रजी कायद्यात जन्मतः मुक्या-बहिऱ्या माणसाला बुद्धी नाही असे प्रथमदर्शनी गृहीत धरीत असत. १८७२ च्या भारतीय साक्षीपुरावा कायद्याने हा समज स्वीकारला नाही. त्याच्या ११९ व्या कलमाने, ज्याला बोलता येत नाही अशा साक्षीदाराने लेखनाने, खुणांनी किंवा समजू शकेल अशा अन्य रीतीने साक्ष द्यावी अशी मुभा दिली. अट एवढीच, की लेखन व खुणा खुल्या न्यायालयात व्हाव्यात. अशा रीतीने दिलेली साक्ष ‘तोंडी’ साक्ष समजावी, असेही त्यात म्हटले होते. हाताने दिलेल्या साक्षीस कायद्याने तोंडी ठरवावे, हा शब्दप्रयोग वरवर विसंगत दिसतो. पण त्यातून कायद्याची भूमिका स्पष्ट होते. साक्ष विश्वसनीय ठरते ती सर्वांसमक्ष दिल्यामुळे आणि तिची उलटतपासणी शक्य असल्यामुळे. ती कोणत्या इंद्रियाने दिली, हा प्रश्न गौण होय.

या तत्त्वाची कसोटी लवकरच लागली. वायव्य प्रांतात १८८४ मध्ये दुलारी नावाच्या स्त्रीचा गळा कापण्यात आला. ती शुद्धीवर होती, पण बोलू शकत नव्हती. अधिकाऱ्याने एकेक नाव घेऊन प्रश्न केले आणि तिने हाताच्या खुणेने होकार-नकार दिला. त्यानंतर ती मरण पावली. या खुणा मृत्युपूर्व जबानी म्हणून ग्राह्य आहेत काय, हा प्रश्न अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठापुढे आला. १८८५ च्या निर्णयात बहुमताने ठरले, की प्रश्न व त्यास मिळालेली खूण ही दोन्ही एकत्र घेतली असता ते शाब्दिक कथनच होते.

इतिहासाच्या अभ्यासकाने येथे आणखी एक गोष्ट पाहावयास हवी. दुलारीच्या खुणेला अर्थ होता, पण शब्द प्रश्नकर्त्याचे होते. तिने ‘होय’ म्हणावे किंवा ‘नाही’ म्हणावे. प्रश्नात जे नाव आलेच नसते, ते सांगण्याचा तिला मार्ग नव्हता. ज्याला खुणेनेच बोलावयाचे आहे त्याच्या शब्दसंग्रहाची मर्यादा समोरच्याच्या कल्पकतेने ठरते, ही अडचण या खटल्यात स्पष्ट दिसते. ती आजही सुटलेली नाही.

न्यायालयाने ज्याची साक्ष मान्य केली, त्याचा वारसाहक्क मात्र मान्य केला नव्हता. मनुस्मृतीत व याज्ञवल्क्यस्मृतीवरील मिताक्षरेच्या परंपरेत जन्मतः बधिर व मूक व्यक्तीस दायविभागातून वगळलेले आहे. तिला पोषणाचा हक्क होता, हिश्श्याचा नव्हता. इंग्रजी न्यायालयांनी हाच नियम हिंदू कायदा म्हणून लागू केला. जामनेर तालुक्यातील एखाद्या हिंदू शेतकरी घराण्यातला जन्मतः मुका मुलगा १८७२ नंतर भावाच्या जमिनीच्या दाव्यात साक्ष देऊ शकत होता. त्याच जमिनीत स्वतःचा वाटा मात्र तो कायद्याने मागू शकत नव्हता. १९२८ च्या हिंदू वारसा (अपात्रता निवारण) कायद्याने मिताक्षरेच्या क्षेत्रात ही अपात्रता दूर केली. मधल्या ५६ वर्षांत त्याचे बोलणे पुरावा म्हणून चालत होते, पण तो स्वतः धनी म्हणून चालत नव्हता.

६

अलाहाबादचा निर्णय झाला त्याच सुमारास, १८८५ मध्ये, मुंबईत बिशप लिओ म्यूरिन यांच्या पुढाकाराने मुक्या-बहिऱ्या मुलांसाठी शाळा सुरू झाली. या वर्गासाठी देशात निघालेल्या आद्य शाळांत तिची गणना होते. तिच्या पाच वर्षे आधी, १८८० मध्ये, इटलीतील मिलान येथे बधिरांच्या शिक्षकांची आंतरराष्ट्रीय परिषद भरली होती. शिक्षणात खुणांपेक्षा वाचापद्धती श्रेष्ठ आहे, असा ठराव तिने केला. परिषदेस जमलेल्या १६४ प्रतिनिधींत बधिर प्रतिनिधी केवळ एक होता. या ठरावाचा प्रभाव पुढील शंभर वर्षे जगभरच्या बधिर-शिक्षणावर राहिला आणि आपल्याकडील शाळाही त्यातून सुटल्या नाहीत. ओठ वाचणे व आवाज काढणे यांवर भर देण्यात आला. मुलांचे हात मात्र खाली ठेवविले गेले.

वाचापद्धतीचे पुरस्कर्ते दुष्ट होते, असे म्हणता येणार नाही. ऐकणाऱ्या समाजात मुलाला मिसळता यावे, ही त्यांची तळमळ खरी होती, आणि काही मुलांना त्या पद्धतीचा लाभही झाला. परंतु एकच साधन इष्ट मानून दुसऱ्यास मज्जाव केल्यामुळे पुष्कळ मुले दोन्हींस मुकली. शिवाय मुले एकत्र राहू लागली की मधल्या सुट्टीत व वसतिगृहात खुणांची भाषा आपोआप वाढते. ती वर्गाबाहेर वाढली म्हणून तिची नोंद कोणी ठेवली नाही. १९७० नंतर मदन वसिष्ठ व त्यांच्या सहकाऱ्यांनी दिल्ली, कलकत्ता, मुंबई व बंगलोर या शहरांतील खुणांचा अभ्यास केला. वसिष्ठ हे स्वतः बधिर होते. शहराशहरांत भेद असला तरी ही मूलतः एकच भाषा असून तिला स्वतःचे व्याकरण आहे, असे त्या अभ्यासातून पुढे आले. १९८३ मध्ये मुंबईत अली यावर जंग राष्ट्रीय संस्था आणि २०१५ मध्ये दिल्लीस भारतीय सांकेतिक भाषा संशोधन व प्रशिक्षण केंद्र स्थापन झाले. मिलानच्या ठरावाबद्दल त्याच परंपरेतील परिषदेने व्हँकुव्हर येथे २०१० मध्ये खेद व्यक्त केला.

दरम्यान राज्यसंस्था या लोकांची मोजदाद करीत होती. १८७२ पासून १९३१ पर्यंतच्या जनगणनांत ‘मुके-बहिरे’ हे कोष्टक असे. व्यंगांच्या यादीत त्यांची संख्या नोंदली जाई. भाषांच्या कोष्टकात मात्र त्यांच्या भाषेला रकाना नव्हता. खानदेशातील बोलींच्या भेदांवर पाने लिहिली गेली. त्याच गावांतील हातांची बोली भाषा म्हणून कोणाच्या ध्यानात आली नाही.

७

वरील चारही उदाहरणे एकत्र ठेवून पाहिली असता मूळ प्रश्नाचे उत्तर मिळते. खुणेची प्रतिष्ठा खुणेच्या घडणीवर अवलंबून नव्हती. गोतसभेतील निशाणी व सावकाराच्या खतावरील निशाणी, उपरण्याखालचे बोट व साक्षीदाराचे बोट, यांत रूपाचा भेद फारसा नाही. साधन कोणाच्या हाती आहे आणि ज्याचे हित त्यात गुंतले आहे त्याला ते दिसते की नाही, हे दोन मुद्दे निर्णायक ठरले. दलालाने खूण लपविली, म्हणून ती उघडी करावी लागली. बधिर मुलाची खूण मुळातच उघडी होती, पण ती शिक्षकाला येत नव्हती, म्हणून ती बंद करण्यात आली. पहिल्या बाबतीत सुधारणा योग्य दिशेने झाली. दुसऱ्या बाबतीत ज्याने शिकावयास हवे होते तो शिक्षक सुटला आणि भार मुलावर पडला.

आजचा कायदा या बाबतीत पुढे गेला आहे. भारताने २००७ मध्ये स्वीकारलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या करारास अनुसरून झालेल्या २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियमात ‘संज्ञापन’ या शब्दाची व्याख्या ब्रेल, स्पर्श, खुणा, सांकेतिक भाषा आणि पूरक व पर्यायी साधने या सर्वांना सामावून घेणारी आहे. ११९ व्या कलमात २०१३ मध्ये दुभाष्याची व चित्रीकरणाची तरतूद झाली. तेच तत्त्व १ जुलै २०२४ पासून लागू असलेल्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या १२५ व्या कलमात आले आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मधील राजस्थानच्या एका खटल्यात सांगितले, की खुणेने दिलेल्या साक्षीत खुणा व त्यांचा लावलेला अर्थ ही दोन्ही नोंदली गेली पाहिजेत. आय. आय. टी. मुंबईने विकसित केलेल्या ‘जेलो’सारख्या चित्रफलकातून आज मराठीतही बोलता येते. मात्र फलकावर कोणती चित्रे असावीत हे दुसराच ठरवीत असेल, तर दुलारीच्या वेळची अडचण नव्या रूपाने कायमच राहते. जामनेरच्या मुलाच्या फलकावर कपाशी, बैलजोडी आणि घरच्या बोलीतला शब्द नसेल, तर त्याला दुसऱ्याच्याच आयुष्याविषयी बोलावे लागेल.

आपल्या शाखेच्या संशोधकांसाठी यातून काही कामे निघतात. सर्वोच्च न्यायालयाचा वरील दंडक इतिहासलेखनासही लागू करावा. जुन्या फौजदारी कागदांत ‘खुणेने सांगितले’ असे शब्द जेथे येतात, तेथे खूण कोणती व अर्थ कोणी लावला, हे विचारावे. महजरांवरील निशाण्यांची तालुकावार सूची व्हावी. बाजारातील हत्त्याच्या खुणा जाणणारे वृद्ध दलाल हयात आहेत तोवर त्या खुणांचे चित्रीकरण करावे. आणि खानदेशातील गावांत, शाळेचे तोंड न पाहिलेल्या बधिर व्यक्तींच्या घरी, आईने, भावंडांनी व शेजाऱ्यांनी ज्या खुणा घडविल्या आहेत, त्यांची नोंद त्या व्यक्तींच्या संमतीने व सहभागाने करावी. बोलींच्या अभ्यासास या विद्यापीठीय जगात मान मिळण्यास पुष्कळ काळ लागला. ग्रिअर्सनच्या सर्वेक्षणात ज्या बोलीचा समावेश झाला नाही, तिचा अभ्यास आता आपल्याकडे सुरू व्हावयास हवा.